राजीनामा नव्हे, स्वेच्छानिवृत्ती: नोटिशीपासून पहिल्या पेन्शनपर्यंत

सरकारी कार्यालयात आस्थापनेच्या, म्हणजे कर्मचाऱ्यांच्या नोंदी सांभाळणाऱ्या शाखेच्या, टेबलावर स्वेच्छानिवृत्तीचा अर्ज येतो तेव्हा त्यावर बहुतेक वेळा एकच ओळ असते: "घरगुती कारणास्तव मी सेवेतून मुक्त होऊ इच्छितो, तरी माझा अर्ज मंजूर करावा." नियमाचा उल्लेख नाही, तारीख नाही, अर्हताकारी सेवा (पेन्शनसाठी मोजली जाणारी सेवा) किती झाली ते नाही. अशा कागदाला राजीनामा समजायचं की स्वेच्छानिवृत्तीची नोटीस, हे मग वाचणारा ठरवतो. कर्मचाऱ्याच्या पुढच्या सगळ्या आयुष्याचा पैसा त्या एका शब्दावर अवलंबून असताना ते दुसऱ्याच्या हातात ठेवू नये.

राजीनामा दिला की महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, १९८२ मधल्या नियम ४६ प्रमाणे मागची सेवा जप्त होते. मग पेन्शन नाही, उपदान (ग्रॅच्युइटी) नाही. "वीस वर्षं झाली आहेत, राजीनाम्यालाच स्वेच्छानिवृत्ती धरा" हा युक्तिवाद सर्वोच्च न्यायालयापर्यंत जाऊन आला आहे. दिल्लीतल्या एका वीज कंपनीच्या कर्मचाऱ्याच्या प्रकरणात डिसेंबर २०१९ मध्ये न्यायालयाने तो फेटाळला. सेवा कितीही झालेली असो, राजीनामा हा राजीनामाच. तरीही कार्यालयात कुणीतरी सांगतंच, "नोटीस-बिटीस कशाला देता, राजीनामाच लिहून द्या ना, लवकर होते." लवकर होतं हे खरं आहे. पण त्यात वीस-पंचवीस वर्षांची सेवा जाते, ती परत मिळत नाही.

आधी आपण कोणत्या योजनेत आहोत ते पाहा. १ नोव्हेंबर २००५ पूर्वी नियुक्त झालेल्यांना १९८२ चे नियम लागू. यांची सेवा सलग असेल तर ऑक्टोबर २०२५ अखेर सगळ्यांचीच २० वर्षं पूर्ण झाली आहेत, म्हणजे पात्रतेचा प्रश्न फक्त सेवेत खंड असलेल्यांचा उरतो. १ नोव्हेंबर २००५ पासून लागलेल्यांची वीस वर्षं आता भरू लागली आहेत. त्यांच्यापैकी अनेकांचा समज आहे की वीस भरली म्हणजे निम्मा पगार पेन्शन. तसं नाही. त्यांचा पैसा राष्ट्रीय निवृत्तिवेतन योजनेच्या (एनपीएस) प्रान खात्यात आहे आणि त्याचे बाहेर पडण्याचे नियम वेगळे आहेत. ज्यांच्या पदाची जाहिरात १ नोव्हेंबर २००५ पूर्वी निघाली पण रुजू होणं नंतर झालं, त्यांना २ फेब्रुवारी २०२४ च्या शासन निर्णयाने जुन्या योजनेचा एकवेळ पर्याय दिला होता. तो पर्याय मुदतीत दिला असेल आणि त्याचा मंजुरी आदेश सेवापुस्तकात चिकटवलेला असेल, तरच पुढचं सगळं त्यांना लागू धरावं. पर्याय दिला, पण आदेश फाईलमध्येच राहिला, अशी अवस्था असेल तर आधी तो आदेश काढून घ्या.

स्वखुशीने निघण्याचे मार्ग तीन. नियम १०(५) वयावर चालतो: ३५ व्या वर्षाआधी सेवेत आलेल्या गट अ आणि ब राजपत्रित अधिकाऱ्यांना ५० व्या वर्षानंतर, बाकीच्यांना ५५ नंतर. नियम ६५ सेवेवर: ३० वर्षं अर्हताकारी सेवा. आणि नियम ६६, ज्याला आपण सगळे व्हीआरएस म्हणतो: २० वर्षं अर्हताकारी सेवा, वय कितीही. तिन्हींत नोटीस किमान तीन महिन्यांची. फरक असा की नियम ६६ मध्ये नियुक्ती प्राधिकाऱ्याची स्वीकृती लागते. म्हणून ज्यांची ३० वर्षं झाली आहेत त्यांनी सवयीने ६६ लिहू नये, ६५ लिहावा. हक्क अधिक भक्कम असतो.

या सगळ्याआधी सेवापुस्तक. नियत वयोमानाने निवृत्त होणाऱ्यांची तयारी कार्यालय दोन वर्षं आधी सुरू करतं, तसं नियमातच आहे. स्वेच्छानिवृत्ती घेणाऱ्याच्या बाबतीत कुणालाच आधी माहीत नसतं, त्यामुळे दोन वर्षांचं काम तीन महिन्यांत कोंबलं जातं आणि तिथेच गाडी अडते. आमचा आग्रह एवढाच आहे: नोटीस लिहिण्याच्या किमान सहा महिने आधी सेवापुस्तक हातात घेऊन पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत वाचा. दुय्यम प्रत नसेल तर प्रत्येक पानाचा फोटो काढून ठेवा.

वाचायचं कसं, तेही सांगतो. उभ्या रकान्यांत पद, वेतन, नेमणुकीची तारीख. उजवीकडे स्वाक्षरी आणि शेरे. दरवर्षी एक नोंद हवी, साधारण अशी: "दि. १.४.२०११ ते ३१.३.२०१२ या कालावधीतील सेवा वेतन देयकांवरून पडताळली." खाली कार्यालय प्रमुखाची सही, तारीख, गोल शिक्का. पेन्सिल घेऊन एका कागदावर वर्षं एकाखाली एक लिहा आणि पुस्तकात ज्या वर्षाची नोंद सापडेल त्यावर खूण करा. वीस-पंचवीस वर्षांत चार-पाच वर्षं मोकळी निघतातच, आणि ती बहुधा बदलीच्या वर्षांतली. जुन्या कार्यालयाने मार्चपर्यंतची लिहिली, नव्याने जूनपासूनची लिहिली, मधले दोन महिने कुणीच लिहिले नाहीत. कधी नोंद आहे, शिक्का आहे, सही नाही, आणि ज्यांची सही हवी ते साहेब निवृत्त होऊन गेलेले. अशा वेळी त्या काळातलं वेतन देयक शोधून आजच्या आहरण व संवितरण अधिकाऱ्याने (पगाराची देयकं काढणाऱ्या अधिकाऱ्याने) त्यावरून पडताळणी करायची. देयक जुन्या कार्यालयात असतं, ते गडचिरोलीला असेल तर गडचिरोलीला पत्र जातं, उत्तर यायला दोन महिने लागतात. म्हणून सहा महिने आधी.

अर्हताकारी सेवा मोजताना रुजू झाल्यापासूनची सगळी वर्षं धरायची नसतात. वैद्यकीय प्रमाणपत्राशिवाय घेतलेली असाधारण रजा वजा होते. निलंबनाचा काळ कसा धरला याचा स्पष्ट आदेश नसेल तर तोही लटकतो. विनापरवानगी गैरहजेरी, संपाचे दिवस, बदलीच्या वेळी पदग्रहण अवधीपेक्षा जास्त गेलेले दिवस, हे सगळं एका तक्त्यात मांडून कार्यालयाकडून अर्हताकारी सेवेचं लेखी प्रमाणपत्र घ्या. १९ वर्षं ९ महिन्यांना वीस धरतील या भरवशावर नोटीस देऊ नका. उपदानासाठी तीन महिने आणि त्यावरचा काळ पूर्ण सहामाही धरला जातो, त्यावरून हा गैरसमज पसरला आहे. पात्रतेला वीस म्हणजे पुरती वीस, आणि हाताशी दोन-तीन महिने जास्तच असू द्या.

पुस्तकात आणखी काय लागतं: स्थायित्वाचं प्रमाणपत्र, मागास प्रवर्गातून नियुक्ती असेल तर जात वैधता प्रमाणपत्र, मराठी-हिंदी भाषा परीक्षा उत्तीर्ण किंवा सूट असल्याची नोंद, संगणक अर्हतेची नोंद. संगणक प्रमाणपत्र वेळेत मिळवलं नाही म्हणून मधल्या वेतनवाढी अडकल्या आणि ते कुणाच्या लक्षातच आलं नाही, ही वसुली शेवटच्या टप्प्यात अनेकांच्या माथी बसते. नामनिर्देशन लग्नाआधी आईच्या नावे केलेलं असतं, ते बदललेलं नसतं. घरात दिव्यांग मूल असेल तर त्याचं नाव, जन्मतारीख आणि अपंगत्वाचं प्रमाणपत्र कुटुंबाच्या तपशिलात आत्ताच नोंदवा. त्याला पुढे कुटुंब निवृत्तिवेतन मिळण्याचा आधार हाच कागद असतो, आणि आईबाप गेल्यावर तो गोळा करणारं कुणी नसतं.

मग वेतन पडताळणी. सहाव्या आयोगाची वेतननिश्चिती १ जानेवारी २००६ पासून, सातव्याची १ जानेवारी २०१६ पासून, मध्ये पदोन्नती, आश्वासित प्रगती योजनेचे (पदोन्नती न मिळताही ठरावीक वर्षांनी मिळणाऱ्या वरच्या वेतनाचे) लाभ. या प्रत्येक ठिकाणी एक टप्पा चुकला तर चूक दरवर्षीच्या वेतनवाढीवर बसून वाढत जाते. वेतन पडताळणी पथकाचा सातव्या आयोगाच्या निश्चितीवरचा शिक्का पुस्तकात आहे का, हे सर्वांत आधी पाहा. असेल तर निम्मी लढाई झाली. नसेल तर नोटीस द्यायच्या आधी पुस्तक पथकाकडे पाठवण्याची लेखी विनंती करा. आक्षेप निघायचा असेल तर तो पगार चालू असताना निघू द्या.

जादा प्रदान, म्हणजे चुकून जास्त दिलेला पगार, निघालं तर वसुलीचा प्रश्न येतो. रफिक मसीह प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २०१४ मध्ये सांगितलं की गट क आणि ड चे कर्मचारी, निवृत्त झालेले किंवा वर्षभरात निवृत्त होणारे, आणि पाच वर्षांहून जुनं जादा प्रदान, अशा स्थितीत वसुली करू नये. हे सगळ्यांना तोंडपाठ असतं. कमी लोकांना माहीत असतं ते पुढचं: वेतननिश्चितीच्या वेळी आपण "जादा रक्कम दिली गेल्यास परत करीन" असं वचनपत्र सही करून दिलेलं असतं, आणि २०१६ च्या जगदेव सिंग निकालात न्यायालयाने ते वचनपत्र देणाऱ्या अधिकाऱ्यावर बंधनकारक ठरवलं. म्हणजे गट अ-ब मधल्यांनी रफिक मसीहवर विसंबून राहू नये.

तारीख निवडणं हा सगळ्यात जास्त दुर्लक्षिलेला भाग. पेन्शन अंतिम वेतनाच्या किंवा शेवटच्या दहा महिन्यांच्या सरासरीच्या ५० टक्के, जे जास्त ते. २० वर्षं अर्हताकारी सेवेला पूर्ण पेन्शन मिळते, पूर्वीसारखी ३३ वर्षांची अट आता नाही. अंतिम वेतन धरता येत असल्यामुळे वेतनवाढीनंतर निघणं फायद्याचं. वेतनवाढ १ जुलैला असेल तर मे-जूनमध्ये निघू नका, जुलै अखेर निघा. आश्वासित प्रगतीचा लाभ १०, २० आणि ३० वर्षांवर आहे. तो चार महिन्यांवर आला असताना घाईने निघालेल्याचं नुकसान मरेपर्यंत दरमहा होतं, आणि त्याच्यामागे कुटुंब निवृत्तिवेतनावरही पडतं, कारण तेही अंतिम वेतनाच्या ३० टक्के या हिशेबाने ठरतं. नागपुरात आणखी एक गोष्ट: डिसेंबरात हिवाळी अधिवेशन असतं. कार्यालयातली माणसं त्या कामाला जुंपलेली, वरिष्ठ तारांकित प्रश्नांच्या उत्तरांत अडकलेले. आपली नोटीस संपण्याची किंवा आदेश निघण्याची तारीख डिसेंबरात येईल असं आखू नका.

नोटिशीचा मजकूर छोटा पण नेमका असावा: "महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, १९८२ मधील नियम ६६ अन्वये माझी २० वर्षांची अर्हताकारी सेवा दि. … रोजी पूर्ण झाली आहे. मी दि. ३१ जुलै रोजी मध्यान्हानंतर शासकीय सेवेतून स्वेच्छेने निवृत्त होऊ इच्छितो. याद्वारे तीन महिन्यांची नोटीस देत आहे." सोबत अर्हताकारी सेवेचं प्रमाणपत्र. "राजीनामा", "कार्यमुक्त करावे", "सेवा सोडत आहे" हे शब्द कुठेही नकोत. मध्यान्हपूर्व की मध्यान्हानंतर हे लिहिलंच पाहिजे, नाहीतर शेवटच्या दिवसाच्या पगारावरून आणि पेन्शन सुरू होण्याच्या तारखेवरून प्रश्न निघतो.

नोटीस नियुक्ती प्राधिकाऱ्याला द्यायची असते. तालुक्याच्या कार्यालयात दिलेला अर्ज वरच्या कार्यालयात पोचायला तीन आठवडे लागले तर वाद होतो की तीन महिने कधीपासून. म्हणून मूळ प्रत योग्य मार्गाने द्या, पोच घेताना आवक क्रमांक आणि तारीख टाकून घ्या, आणि आगाऊ प्रत थेट नियुक्ती प्राधिकाऱ्याला स्पीड पोस्टने पाठवा. पोचपावती जपून ठेवा. मध्ये आठ-दहा दिवसांची मोकळीक ठेवा.

मुदत संपण्यापूर्वी नकार कळवला नाही तर निवृत्ती त्या तारखेला आपोआप अमलात येते, असं नियम ६६ म्हणतो. कायद्याने हे पक्कं आहे, पण आदेशाशिवाय पेन्शनचं प्रकरण एजी ऑफिसला (महालेखाकार कार्यालयाला) जात नाही. मुदत संपत आली आणि हातात काही नसेल तर पंधरा दिवस आधी स्मरणपत्र द्या, शेवटच्या दिवशी कार्यभार हस्तांतरणाचा अहवाल देऊन पोच घ्या, आणि त्याच पत्रात नियमाचा दाखला देऊन निवृत्तीचा आदेश मागा. न सांगता घरी बसणं सर्वांत वाईट, त्याची नोंद गैरहजेरी म्हणून होते. नकार मिळण्याचं नेहमीचं कारण म्हणजे मोठ्या शिक्षेची विभागीय चौकशी चालू असणं किंवा प्रस्तावित असणं. नकार कारणाविना असेल तर महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाचं खंडपीठ नागपुरातच आहे. मूळ अर्जाला एक वर्षाची मुदत असते, ती पत्रव्यवहारात घालवू नका. मन बदललं तर नोटीस मागे घेता येते, पण निवृत्तीच्या तारखेआधी आणि प्राधिकाऱ्याच्या मान्यतेनेच.

तीन महिन्यांहून कमी मुदत मागता येते, प्राधिकारी सवलत देऊ शकतो. फक्त अट अशी की मूळ तीन महिने संपेपर्यंत अंशराशीकरणाचा (पेन्शनचा काही भाग सोडून त्याबदली एकरकमी पैसे घेण्याचा) अर्ज करता येत नाही. एकरकमी पैशावर मुलीचं लग्न किंवा घराचा हप्ता अवलंबून असेल तर मुदत कमी करून घेण्यात अर्थ नाही.

आदेश निघाला की प्रकरण तयार करायचं. सेवार्थ या शासनाच्या पगाराच्या संगणक प्रणालीत पेन्शनची माहिती भरणं, नमुना ३ मध्ये कुटुंबाचा तपशील, नमुना ५ मध्ये स्वतःची माहिती, पती-पत्नीचा संयुक्त फोटो, नमुना सह्या, ओळखीच्या खुणा, पॅन, आधार, रद्द केलेला धनादेश. नाव सगळीकडे एकसारखं हवं. सेवापुस्तकात "रामकृष्ण", आधारवर "रामक्रिष्ण", बँकेत नुसतं "आर." असं असलं की प्रकरण परत येतं. पत्नीच्या नावाचा घोळ तर घरोघरी असतो, माहेरचं नाव एका कागदावर आणि सासरचं दुसऱ्यावर. ही दुरुस्ती नोटिशीच्या काळातच करून घ्या.

ना-देय प्रमाणपत्रांत (शासनाचं काही देणं बाकी नाही असं सांगणाऱ्या कागदांत) घरबांधणी अग्रिम माणसाला हमखास फसवतं. आधी मुद्दल कापलं जातं, मुद्दल फिटलं की कपात थांबते आणि सगळ्यांना वाटतं कर्ज संपलं. व्याजाचे हप्ते सुरूच झालेले नसतात. ते शेवटी उपदानातून एकदम कापतात. रवी नगरसारख्या शासकीय वसाहतीत क्वार्टर असेल तर तिथलं ना-देय, वीज आणि पाण्याच्या बिलांसकट, वेगळं लागतं.

विदर्भ आणि मराठवाड्याची प्रकरणं सिव्हिल लाईन्समधल्या महालेखाकार कार्यालयाकडे येतात. तिथून तीन आदेश निघतात: निवृत्तिवेतन, उपदान आणि अंशराशीकरण. भविष्य निर्वाह निधीचं अंतिम प्रदान हा वेगळा अर्ज, गट ड चं खातं मात्र कार्यालयाकडेच असतं. अर्जित रजेचं रोखीकरण, जास्तीत जास्त ३०० दिवस, आणि गट विम्याची बचत रक्कम ही देयकं कार्यालयातूनच ट्रेझरीत जातात, त्यामुळे ती पेन्शनच्या आधी मिळू शकतात. रजेचं खातं नीट असेल तर. चालू सहामाहीत आगाऊ जमा झालेली रजा निवृत्तीच्या महिन्यापर्यंतच धरायची असते, तिथे चूक होते.

आकडे एकदा मांडून पाहू. अंतिम मूळ वेतन ७०,००० रुपये, सेवा २४ वर्षं ४ महिने, वय ५२ पूर्ण. पेन्शन ३५,०००. उपदानाला सहामाह्या ४९, म्हणजे वेतनाच्या १२.२५ पट; कमाल साडेसोळा पट आणि १ सप्टेंबर २०२४ पासून कमाल मर्यादा २० लाख. अंशराशीकरण ४० टक्क्यांपर्यंत: १४,००० गुणिले १२ गुणिले ८.७२४ (वयानुसार ठरलेला गुणक), कारण पुढचा वाढदिवस ५३ वा. होतात १४,६५,६३२ रुपये. हातात दरमहा २१,००० राहतात, पण महागाई वाढ पूर्ण ३५,००० वर मिळते. १४,००० ची कपात १५ वर्षं चालते, एकूण २५,२०,०००. दिलेली मूळ रक्कम आठ वर्षं नऊ महिन्यांतच वळती झालेली असते. डोक्यावर जास्त व्याजाचं कर्ज असेल तर अंशराशीकरण जरूर घ्या. नुसतं मुदत ठेवीत टाकायला घेत असाल तर आधी हा हिशेब कागदावर करा. निवृत्तीपासून वर्षाच्या आत अर्ज केला तर वैद्यकीय तपासणी लागत नाही, ते वर्ष मात्र चुकवू नका.

पगार थांबणं आणि पेन्शन लागणं यांच्यात महिने जाऊ शकतात. सहा महिन्यांचा घरखर्च आणि कर्जाचे हप्ते बाजूला असल्याशिवाय नोटीस देऊ नका. उशीर लांबला तर तात्पुरत्या निवृत्तिवेतनाची मागणी लेखी करा. उपदान आणि पेन्शनच्या विलंबावर व्याजाची तरतूद नियम १२९-अ आणि १२९-ब मध्ये आहे. ते व्याज मागायला आपण कधी काय दिलं याच्या पोचपावत्या लागतात, म्हणून प्रत्येक कागदाची पोच घ्यायची.

आदेश ट्रेझरीत पोचल्यावर ओळख पटवायला बोलावतात. पती-पत्नी दोघांनी जा, मूळ आधार, पॅन, पासबुक आणि आपल्या आदेशाची प्रत घेऊन. पहिली पेन्शन जमा झाली की निवृत्तिवेतनवाहिनी या शासनाच्या संकेतस्थळावर तपशील उघडून निवृत्तीच्या तारखेपासूनची थकबाकी, महागाई वाढीचा दर आणि अंशराशीकरणाची कपात कोणत्या महिन्यापासून लागली हे तिन्ही तपासा. तो महिना आदेशाच्या प्रतीवर लाल शाईने लिहून ठेवा, शेजारी त्यात १५ वर्षं मिळवून येणारा महिना आणि वर्ष. कपात त्या महिन्यात थांबायला हवी, आणि आपण नसलो तर तो कागद घरातल्यांना सापडायला हवा. नोव्हेंबरात हयातीचा दाखला.